भांडुपहून नागपूर, पीपी कॉल

माणसामाणसांना जोडणारं एक अदृश्य जाळं या विश्वात आहे... हे वाक्य मी कुमुदआत्याच्या निवृत्ती समारंभात एका साहेबांच्या तोंडून ऐकलं. त्यांचा माईक शेवटपर्यंत जोडला गेला नाही. तेव्हापासून अदृश्य जाळ्यांवर माझा विश्वास नाही. तरी हे लिहितोय.

आत्या ट्रंक एक्स्चेंजमध्ये ऑपरेटर होती. कानाला हेडफोन, समोर भोकांचा बोर्ड. हाताने दोर खुपसून गावाला गाव जोडायची; एका कॉलला तीन मिनिटं, मग रांगेतला पुढचा. आता भांडुपला एकटी राहते आणि हळूहळू सगळं विसरते. मागच्या महिन्यात मलाच विचारलं, "आपण कोण?" मुलाचं, नितीनचं नाव मात्र शाबूत. तो नागपूरला. तिने त्याच्या लग्नाला नकार दिला, तेव्हापासून चार वर्षं तो तिचा फोन घेत नाही. तो बोलायला तयार होईल तोवर ती त्याला ओळखेल का, ही मला धास्ती.

मंगळवारी दुपारी साडेतीनला मी तिच्यासमोर बसलो होतो. तिने कोपऱ्यातल्या जुन्या लँडलाइनचा रिसीव्हर उचलला. कनेक्शन कधीच बंद झालंय. रंगाऱ्याने कापलेली वायर टेबलाखाली रबरबँड लावून पडली आहे.

"नागपूर. पीपी. नितीनच हवा, दुसरा कुणी नको." एवढं बोलून तिने ठेवून दिला. पीपी म्हणजे नाव दिलेला माणूस स्वतः आला तरच कॉल जोडायचा, ही त्यांची जुनी पद्धत.

"आता थांबायचं," ती मला म्हणाली. मी चहा टाकला, तिच्यापुढे कपबशी ठेवली. तेवढ्यात माझा मोबाईल वाजला – नितीन.

"काय रे, आई बरी आहे ना?"

त्याच्या ऑफिसच्या लँडलाइनवर म्हणे एका बाईचा फोन आला. आधी शिपायाने घेतला, मग मॅनेजरने. तिने दोघांनाही उडवून लावलं. नितीन आल्यावर म्हणाली, "भांडुप आहे, बोला."

"आईचा आवाज नव्हता यार, तरुण बाई होती. मग नुसता कुणाचा तरी श्वास... आणि कपबशी वाजली."

कपबशी मी ठेवली होती. पण इथे, भांडुपला.

आत्याच्या मोबाईलचं रिचार्ज संपून महिने झालेत. नितीनच्या ऑफिसचा नंबर मलाही ठाऊक नव्हता. खूप डोकं चालवलं. अजून काही कळलेलं नाही.

मी फोन तिच्या कानाला लावला. "नितीन?" ती म्हणाली. ओळखलं तिने. तो रडत होता, मला बाहेरून ऐकू येत होतं. चार वर्षांचं साठलेलं बोलत होता.

बरोबर तीन मिनिटांनी तिने फोन कापला. मागे लोक खोळंबलेत, म्हणाली.