ऑप्टिमाइझ केलेला ट्रक

गेल्या रविवारी शिरगावात आमच्या घरी, भर हॉलमध्ये एक ट्रक अडून बसला... म्हणजे कंप्युटरमधला ट्रक. आणि तो अडवला होता आमच्या बाबांनी!

बाबा मूळचे सावंतवाडीकडचे. खाणीच्या ट्रकवर ड्रायव्हर म्हणून इकडे आले आणि इथलेच होऊन गेले. गेल्या वर्षी त्यांची बायपास झाली आणि डॉक्टरांनी सांगून टाकलं, यापुढे अवजड गाडी बंद.

तेव्हापासून माणूस गप्प. सुरुवातीला निदान बाहेर ओसरीच्या सोप्यावर बसून, रस्त्यावरच्या गाडीचा नुसता आवाज ऐकून 'ह्येचो क्लच गेलो' असं तरी सांगायचे. हल्ली तेही बंद... जेवलात का विचारलं तर फक्त मान हलवायचे.

आता मी डिचोलीत कंप्युटर शिकवते, व्हिडिओ एडिटिंगही करते. त्यासाठी घरात चांगलं ग्राफिक्स कार्ड घातलेला पीसी आहे. म्हटलं, ट्रक चालवायचा गेम घालू. एका विद्यार्थिनीकडे स्टिअरिंग-पेडलचा सेट पडून होता, तोही उचलून आणला.

आईने मात्र बजावलं, "खेळणा दिवन चिडवता असा वाटला, तर ते आणखीन गप्प होतले." ऐकून घेतलं आणि कामाला लागले. मी कुणाचं ऐकणारी आहे थोडीच!

गेम टाकला. मग कार्डाबरोबर येतं ते कंपनीचं सॉफ्टवेअर टाकलं. हे सॉफ्टवेअर तुमचे गेम शोधून काढतं आणि मशीनला झेपतील अशी सेटिंग्ज आपणच लावून देतं. कार्डाचा ड्रायव्हर, म्हणजे ते चालवणारा प्रोग्राम, अपडेट होताना स्क्रीन दोनदा काळा पडला, आईने देवाचं नाव घेतलं... मी चहा पीत राहिले. अहो, रोजचं काम आहे हे माझं!

शेवटी 'ऑप्टिमाइझ'वर क्लिक केलं. सेकंदाला किती फ्रेम पडतात ते दाखवणारा आकडा कोपऱ्यात लावला होता, तो ऐंशीवर जाऊन बसला. दहा मिनिटं स्वतः चालवून बघितलं... काय सांगू, लोण्यासारखं! आपलीच पाठ थोपटायची तेवढी बाकी राहिली.

बाबांना आणून बसवलं. त्यांची पहिली नजर गेली त्या आकड्यावर. "उभ्या गाडीचो मीटर ऐंशी दाखवता? कसली भंगार गाडी आणलंस गो?"

तो स्पीड नव्हे, चित्राचा हिशेब आहे, हे समजावताना मला हसू आवरेना. किती महिन्यांनी ओरडले होते मला! आत कुठेतरी बरं वाटलं.

मग त्यांनी खुर्ची पुढे ओढली, पाय पेडलवर ठेवले. डावीकडे बघितलं, उजवीकडे बघितलं... आणि हात स्टिअरिंगवरून काढून घेतले. "माका जमाचा नाय," म्हणाले आणि उठून सरळ बाहेर सोप्यावर जाऊन बसले.

आईने माझ्याकडे असं बघितलं की विचारू नका. माझी सगळी ऐट तिथेच उतरली. वाटलं, झालं, होतं तेवढं बोलणंही आता घालवलं आपण.

मागोमाग गेले. म्हटलं, बाबा, राग आला? तर म्हणतात, "राग कसलो? तुझ्या गाडीचे आरशे आंधळे आसत. मागचा दिसणा नाय. अशी गाडी मी हलवूचंय नाय."

धावत आत आले. खरंच की! फ्रेम वाढवायच्या नादात सॉफ्टवेअरने दोन्ही बाजूचे आरसे बंदच करून टाकले होते. तिथे नुसत्या करड्या पाट्या. आणि मी दहा मिनिटं तो ट्रक चालवला, पण एकदाही आरशात बघितलं नव्हतं.

तरी माझं तोंड गप्प बसतंय होय? आतूनच ओरडले, "बाबा, खेळ आसा ह्यो! मागे कोण आसतला?"

बाहेरून शांतपणे उत्तर आलं, "मागे तू आसायचंस."

मला कळेना. परत बाहेर गेले तेव्हा त्यांनी सांगितलं. नदीच्या धक्क्यावर खनिज ओतून रिकामी गाडी घेऊन परत यायचे, तेव्हा नेमकी आमची शाळा सुटायची. त्या लाल धुळीच्या रस्त्याच्या कडेने आम्ही पोरी चालायचो. मला मागे टाकलं की ते गाडी हळू करायचे आणि मी घराच्या वाटेला वळेपर्यंत आरशात बघत राहायचे. वळले की मगच पुढचा गिअर.

आणि मी? मी लहानपणी मैत्रिणींसमोर रडवेली व्हायचे... माझे बाबा बघा, शेजारून जातात पण थांबत नाहीत, हातसुद्धा दाखवत नाहीत. हा राग मी मोठेपणीही सोडला नव्हता, फक्त बोलत नव्हते.

आत जाऊन ऑप्टिमाइझ काढून टाकलं, आरशांची सेटिंग हाताने पूर्ण वर नेली. आकडा धपकन चाळिसाच्या खाली आला, चित्र जरा अडखळू लागलं. दुसऱ्या कुणाच्या पीसीवर हे मी खपवून घेतलं नसतं.

बाबा येऊन बसले. दोन्ही आरसे नीट बघून घेतले, हॉर्न दिला आणि ट्रक हलला. मागून एक गाडी येत होती, तिला पुढे जाऊ दिलं... तासभर उठले नाहीत. मध्येच आईला हाक मारून म्हणाले, "गो, बघ, पिकअप बरो आसा!"

मी त्यांच्या खुर्चीमागे उभी होते. डोळे भरून आले होते. मला वाटायचं, बाबा न बघता निघून जायचे. खरं तर मीच कधी वर बघितलं नव्हतं, त्यांच्या आरशाकडे.

थँक्यू, बाबा. समोर म्हणायची लाज वाटली, म्हणून इथे लिहिते.