घरीच असते

देशाची लोकसंख्या आणि उत्पन्न यांवर लिहावं एवढा माझा अभ्यास नाही. घरात कॉलेजची पायरी चढलेला मी पहिलाच, तोही अर्थशास्त्रात काठावर पास. तेव्हा जाणकारांनी सांभाळून घ्यावं. पण एक्क्याण्णवच्या जनगणनेत आमच्या विठ्ठलवाडीच्या खोलीतला एक आकडा माझ्यादेखत चुकत होता, हे सांगितल्याशिवाय राहवत नाही.

मोजणीला माझ्याच जुन्या शाळेतल्या बाई आल्या. खुर्ची नव्हती, म्हणून आईने त्यांना जीन्सच्या गठ्ठ्यावर बसवलं. बाबा कोपऱ्यात तोंडासमोर पेपर धरून बसले होते. उल्हासनगरचा एक सिंधी शेठ शिवलेल्या पँटी पाठवायचा आणि आई दिवसभर त्यांचे लोंबते धागे कापायची.

“काय काम करता, वहिनी?”

“मी कुठे काय करते? घरीच असते,” आई म्हणाली. कात्री चालूच होती.

नुकतंच राष्ट्रीय उत्पन्न शिकलेला मी मध्ये पडलो. “बाई, असं लिहू नका. हे उत्पादन आहे! तुम्ही बसलाय ना, तेच उत्पादन.”

“गप रे अर्थमंत्री! बाई, कॉलेज डोक्यात गेलंय ह्याच्या. तुम्ही लिहा, काही करत नाही. आणि जरा उठता का? पुढची पँट तुमच्याखाली आहे.”

बाई उठल्या. “आणि साहेब?”

“हे अंबरनाथला, कंपनीत,” आईने घाईने सांगितलं.

कंपनीला टाळं लागून वर्ष होत आलं होतं. कोपऱ्यात बाबांनी पेपर आणखी वर धरला. तेव्हा माझ्या डोक्यात प्रकाश पडला. आई कामाला आहे असं लिहिलं, तर घरी कोण असतं तेही लिहावं लागलं असतं. मी गप्प बसलो. बाईंनी सांगितलं तसं लिहून घेतलं.

पुढे वर्गात काम करणाऱ्या बायकांचं प्रमाण शिकवताना सर हळहळले, की मी मान खाली घालायचो. त्यातली एक मी कमी केली होती.

दोन वर्षांनी बाई बाजारात भेटल्या. मी धीर करून देशाच्या वतीने माफी मागितली.

बाई हसायलाच लागल्या. “अरे, तुझे बाबा दुसऱ्याच दिवशी शाळेत आले होते. म्हणाले, माझ्यापुढे बेकार लिहा, हिच्यापुढे काम लिहा. आणि आमच्या घरी बोलू नका, ती मला ओरडेल.”