मामाजींचा समुद्र

वर्धा जिल्ह्यात घरी समुद्र तयार करणारा माणूस एकच, आणि तो माझ्या आत्याचा नवरा. आम्ही त्यांना मामाजी म्हणतो. देवळीत त्यांचं बी-बियाण्यांचं दुकान आहे. दर रविवारी आंघोळीआधी ते निळ्या ड्रममध्ये खास आणवलेलं मीठ घालून काठीनं ढवळत बसायचे. तेवढ्यात कोणाचा फोन आला तर आत्या शांतपणे सांगायची, “समुद्र करून राह्यले. झाला की फोन करतीन.”

हा सगळा खटाटोप एका माशासाठी होता. एका उन्हाळ्यात मामाजी नागपूरला कूलर घ्यायला गेले आणि लिंबाएवढा काटेरी मासा घेऊन परतले. मोठाले डोळे, हसल्यासारखं तोंड, अंगाला चिकटून बसलेले काटे. घाबरला की तो पाणी पिऊन चेंडूसारखा फुगतो आणि काटे ताठ उभे राहतात, असं विकणाऱ्यानं सांगितलेलं. आत्यानं माशाकडे पाहिलं, मामाजींकडे पाहिलं, आणि याच्यातून हवा कुठून येते एवढंच विचारलं. त्या मे महिन्यात फ्रीजमध्ये फक्त माशाची टाकी गार करायच्या बर्फाच्या बाटल्या होत्या. पाहुण्यांना माठ होता. स्वतः अंडंही न खाणारे मामाजी वर्ध्याहून कोळंबी आणायचे आणि श्वास रोखून त्याला भरवायचे.

टाकी दुकानात, काउंटरशेजारी होती. गिऱ्हाईक आलं की बियाण्याचा भाव नंतर, आधी एकच मागणी, फुगवून दाखवा. एकानं गाडीच्या किल्लीनं काचेवर टकटक केलं, तेव्हा मामाजींनी त्याच्या गाडीवर बांधून झालेली सोयाबीनची थैली सोडवून परत आत आणली. “फुगणं म्हणजे त्याचं भेणं हाये, भाऊ,” ते म्हणाले. “तुले मजा वाटते, त्याले वाटते आता मेलो.” तो बिचारा माशाची माफी मागून थैली घेऊन गेला. त्यामुळे इतक्या वर्षांत तो मासा फुगलेला कोणीच पाहिला नव्हता, मामाजींनीसुद्धा. “माझ्या घरी त्याले फुगाची गरज पडली नाई,” हे ते ज्या सुरात सांगत, त्या सुरात इतर लोक मुलींचे टक्के सांगतात.

मी सुट्टीत जायची. बाकीचे नातेवाईक मला ‘बोलत काऊन नाई?’ असं विचारत. मामाजी फक्त टाकीसमोर स्टूल सरकवत. माझं काम एकच, माशाबद्दल इंग्रजीत लिहिलेलं त्यांना मराठीत सांगायचं. एका दुपारी मी वाचलं की हा मासा फूटभराच्याही वर वाढतो आणि अशी टाकी त्याला पुरत नाही. समोर मासा वळत होता. वळताना त्याची शेपटी काचेला घासत होती.

“परत वाच,” ते म्हणाले. मी वाचलं.

पुढचे काही आठवडे ते टेप घेऊन घर मोजत फिरले. दिवाणखाना, झोपायची खोली, गच्चीवरचा जिना. आत्या मागे मागे. “मले कुठं ठेवता, तेबी मोजून घ्या.” शेवटी मासे पाळायची हौस असलेले नागपूरचे एक डॉक्टर सापडले. त्यांच्याकडे भिंतभर टाकी होती.

न्यायच्या दिवशी मामाजींनी पाण्यात पातेलं बुडवून हळूच त्याच्याखाली धरलं, आणि मासा फुगला. पहिल्यांदाच. गोल गरगरीत, सगळे काटे उभे, दोन्ही बाजूंना इवलेसे पर फडफडत होते. खरं तर हसू यावं असंच ते रूप होतं. कोणी हसलं नाही. मामाजींनी कोपरापर्यंत हात पाण्यात घातला आणि तसाच स्थिर धरला.

“मी आहो,” ते त्याला म्हणाले. “मी आहो ना.”

काटे मिटायला खूप वेळ लागला. मामाजींनी तोवर हात काढला नाही.

परवा मी गेले तेव्हा डॉक्टरांनी व्हिडिओ पाठवला होता. त्यात मासा एका टोकाकडून निघाला आणि जातच राहिला, सबंध भिंतभर, कुठंही न थांबता. मामाजींनी तो परत परत लावला. मला वाटलं, त्याला आपली आठवण येत असेल का, असं ते विचारतील.

“किती सरळ जाते तो,” ते म्हणाले. मग फोन उलटा ठेवून म्हणाले, “आपल्याकडं नुसता वळतच राहे, पोरी.”