सात बैलांवरची शाळा

मी बांधलेल्या शाळेला भिंती नव्हत्या. ती सात बैलांच्या पाठीवर लादलेली होती. तमिळनाडूत, तिरुपूरच्या बनियनच्या कारखान्यात मी धागे कापते. दुपारी जेवणाची सुट्टी झाली की मी फोन लावायची आणि ती शाळा फुलसावंगीकडच्या आमच्या तांड्यात जाऊन पोचायची.

सुरुवात तांड्यातल्या शाळेच्या मॅडममुळे झाली. माझी मुलगी पहिलीत होती, आजीजवळ राहायची. आम्ही बंजारा, घरी गोरमाटी बोलतो, आईला याडी म्हणतो, आणि पुस्तक मराठी, त्यामुळे पोर वर्गात मुकी बसायची. मॅडम बाभुळगावच्या. त्यांनी सांगितलं, "ताई, रोज दहा मिनिटं तिच्याशी मराठीत बोला. माझ्या फोनवर लावा, खिचडीच्या सुट्टीत. काहीही बोला." आता काहीही म्हणजे काय? धागे कापते हे किती दिवस सांगणार? म्हणून मी जादूची शाळा काढली.

त्या दुसऱ्या जगात सगळे रस्ते राक्षसांच्या ताब्यात होते. जादू येईल त्यालाच वाट मिळायची. आमचे पूर्वज बैलांवर मीठ लादून मुलूखभर हिंडले, तशीच ही शाळा हिंडायची. एका बैलावर एक वर्ग. मुक्कामाला गोणी सोडली की वर्ग भरला. पहिल्या बैलावर सावलीची घडी घालून ती सोबत न्यायची विद्या. दुसऱ्यावर भर पावसात मीठ कोरडं ठेवायचा मंत्र. चौथ्या वर्गात डोंगराच्या प्रतिध्वनीला रस्ता विचारायचा. तो लबाड, म्हणून तीनदा विचारायचा. मुख्याध्यापिका म्हणजे दंडापर्यंत पांढऱ्या बांगड्या घातलेली म्हातारी. कोणी मंत्र चुकला की त्याच्या कानातून तुरीचं झाड उगवायचं. सातवी पास झाली की छातीवर एक आरसा टाचायचे, आणि विद्यार्थी आपल्या घरी.

मॅडम फोन स्पीकरवर ठेवायच्या. पोट्टे ताटं घेऊन गोळा व्हायचे. एकजण रोज ओरडायचा, "काकू, कालचा राक्षस अर्धाच मेला, आज पुरा मारा!" मी सातवी शिकलेली बाई, आणि माझ्या बोलण्यासाठी अख्खी शाळा हातात घास धरून थांबायची. तिसरीत माझी मुलगी घडाघडा वाचायला लागली. त्याचा अभिमान मी कोणाजवळ लपवला नाही.

मग ती सातवीत गेली. तांड्यातली शाळा तिथंच संपते. पुढं पुसदला, वसतिगृहात राहावं लागतं. मॅडमनी फॉर्म आणला, तर पोरीनं तो बाजूला सारला. मॅडमचा फोन आला.

"ताई, ती म्हणते, सातवी झाली, आता आरसा भेटते अन् घरी जाते. तुमच्या शाळेत आठवा बैल काहून नाही हो?"

माझी कात्री हवेतच राहिली. सहा वर्षांत हे माझ्या डोक्यातच आलं नव्हतं. आईबाप ऊसतोडीला गेले तेव्हा धाकट्या भावाला सांभाळायला मी सातवीनंतर घरी राहिले. जेवढी शाळा मी पाहिली, तेवढीच बांधली. फॉर्मला तीन दिवस उरले होते. त्या दुपारी मी धाग्याऐवजी बनियनच कापली.

दुसऱ्या दिवशी फोनवर म्हटलं, "आज एक नवा बैल आला."

"कुठून?" मुलगी म्हणाली.

"मागं राह्यलता. पाय दुखत होता त्याचा."

"सहा वर्सं?" पोट्टे फिदीफिदी हसले. "याडी, फेकू नको. सातच हायेत. तूच सांगतलं."

मीच शिकवलेल्या मराठीत ती मला गप्प करत होती. फॉर्मची मुदत संपत आली होती, आणि तरी हिचं बोलणं ऐकून छाती फुगत होती. मी मॅडमना स्पीकर बंद करायला सांगितला.

"बेटा, आठवा बैल होता. मी सातव्यालेच उतरली. तो पुढं गेला, मले दिसला नाही. म्हणून गोष्टीत नाही."

"तू नापास झालती?"

"नाही व. दुसरा नंबर होता माहा."

"मंग काहून उतरली?"

"तुहा मामा लहान होता. मले कोणी म्हटलंच नाही, जा म्हणून. मी तुले सांगून राह्यली, जा."



"मले तिथं नाही आवडलं त?"

"त मले सांगजो."

"अन् आवडलं त?"

"तरी सांगजो."

फॉर्म तिनं स्वतःच्या अक्षरात भरला. मॅडमनी त्याचा फोटो पाठवला. मी तो कारखान्यातल्या ज्या बायांना मराठी येत नाही त्यांनाही दाखवला. मॅडमचे उपकार मी कसे फेडू, मला कळत नाही.

आता वसतिगृहातून फक्त रविवारी फोन येतो. दहा मिनिटं उशीर झाला तरी माझ्या मनात नाही नाही ते येतं. पण येतो, आणि आता गोष्ट ती सांगते. आठव्या बैलाच्या गोणीत म्हणे अक्षरं असतात आणि अक्षरांच्या पोटात आकडे लपलेले असतात. दोन्हीकडं सारखं वजन असेल तरच हा बैल चालतो, नाहीतर खाली बसतो.

गेल्या रविवारी तिनं मला विचारलं, "एकीकडं तीन सारख्या पिशव्या अन् दोन किलो मीठ. दुसरीकडं चौदा किलो मीठ. बैल चालून राह्यला. एक पिशवी किती किलोची?"

मी म्हटलं, "सात."

"नाही न, याडी. आधी दोन्हीकून दोन-दोन किलो काढ."

मी काढले. बोटांवर मोजलं, पुन्हा मोजलं.

"चार?"

"बराबर," ती म्हणाली. "चाल, पुढचं घे."