पहिल्या तासातली बातमी

रंगनाथराव गेल्याचं मला म्हैसूरमधल्या मराठी मंडळींच्या वॉट्सॲप ग्रुपवर कळलं. ‘आपले टेलर रंगनाथराव यांचे काल निधन झाले’ एवढीच ओळ होती आणि खाली जोडलेल्या हातांची रांग. त्या ग्रुपवरचे बहुतेक जण माझ्यासारखेच, स्वतःच्या किंवा मुलांच्या नोकरीपायी महाराष्ट्रातून इथे आलेले. देशभर दिसणाऱ्या एका वृत्तवाहिनीच्या पहिल्याच तासात या टेलरने टिपलेली दृश्यं दाखवली गेली होती, हे त्यांना ठाऊक असण्याचं कारण नव्हतं. मला ठाऊक होतं. मी ते लिहिलं नाही. मीही हात जोडले...

वाहिनी उभी राहत होती तेव्हा मी दिल्लीत तिच्या राष्ट्रीय डेस्कचा प्रमुख होतो. भाड्याच्या इमारतीत रंगाचा वास होता, जमिनीवर केबलींची वेटोळी होती आणि जिल्ह्याजिल्ह्यात माणसं नेमायची घाई होती. म्हैसूरसाठी कुणीतरी रंगनाथरावांचं नाव सुचवलं. कित्येक पिढ्यांपूर्वी तिकडे स्थायिक झालेलं शिंप्याचं घर. सकाळी दुकान, दुपारी खांद्यावर कॅमेरा, लग्नं आणि मुंजी टिपून तयार झालेला हात. फोनवर त्यांची मराठी ऐकून आधी मला हसू आलं. “हौदु सार, मी आत्ताच निघतो, बस सिक्कली तर संध्याकाळी टेप पाठवतो,” असं ते कन्नड मिसळून बोलत; हौदु म्हणजे हो, सिक्कली म्हणजे मिळाली. मात्र त्यांच्या टेपसोबत येणाऱ्या चिठ्ठीत कधी खाडाखोड नसे. कुठे, कधी, कोण, कशाबद्दल बोलतोय, सगळं सुवाच्य अक्षरात.

प्रक्षेपण सुरू होण्याआधी काही आठवडे आम्ही रोज ड्राय रन करत असू. म्हणजे पूर्ण बातमीपत्र वाचायचं, पण ते बाहेर कुठे दिसत नाही. सरावापुरत्या बातम्या हव्यात म्हणून बातमीदारांनी पाठवलेल्या खऱ्या दृश्यांवर आम्ही काल्पनिक मजकूर लिहायचो. अशा प्रत्येक मजकुराच्या नावापुढे ‘सराव’ असं लिहायचंच, हा नियम मीच घालून दिला होता. रंगनाथरावांनी बन्नूरहून एक टेप पाठवली होती. कालव्याचं पाणी भातात शिरलं होतं आणि चन्नेगौडा नावाचे शेतकरी गुडघाभर पाण्यात उभे राहून फुटलेला बांध दाखवत होते. त्यावर मी मजकूर लिहिला : बन्नूरजवळ पुरात शेतकरी चन्नेगौडा वाहून गेले. नाव खरंच ठेवलं, कारण चिठ्ठीत ते समोर होतं आणि दुसरं सुचायला दोन सेकंद लागले असते. ‘सराव’ हा शब्द लिहायचा राहिला.

पहिल्या दिवशी, पहिल्या तासात, एक थेट जोडणी तुटली. निर्मात्याला मिनिटभराची तयार बातमी हवी होती. त्याने यादीतून माझी ती बन्नूरची बातमी उचलली... पाऊण मिनिट चन्नेगौडांचा चेहरा देशाने पाहिला, मृत म्हणून.

दीडेक तासाने रंगनाथरावांचा फोन आला. “सार, चन्नेगौडा माझ्यासमोर बसलाय. बन्नूरहून बसने थेट दुकानात आलाय, चहा पितोय. त्याची म्हातारी आई तिकडे छाती बडवतेय. तुम्ही याला मारलात कसा?” आवाजात राग नव्हता, गोंधळ होता. मी बघतो म्हणालो. संपादकांनी विचारलं, माहिती कुणाची? भोवती वीसेक माणसं उभी होती. नव्या वाहिनीचा पहिला दिवस होता. मी म्हणालो, स्थानिक बातमीदाराची. दिलगिरीच्या दोन ओळीही मीच लिहिल्या : ‘स्थानिक प्रतिनिधीने पुरवलेल्या चुकीच्या माहितीमुळे...’ त्या तासातासाने दिवसभर वाचल्या गेल्या. रंगनाथरावांची चिठ्ठी माझ्या टेबलावर होती. ती मी ड्रॉवरमध्ये ठेवली.

त्यांचं काम त्याच आठवड्यात बंद झालं. त्यांनी एकदाच फोन केला. “परवागिल्ला सार,” म्हणाले, म्हणजे असू दे. “बातमीपत्र मात्र छान दिसलं.” म्हैसुरात पुढे दुसऱ्या कुठल्याही वाहिनीने त्यांना बोलावलं नाही. जिवंत माणसाला मारणारा कॅमेरावाला, अशी ओळख झाली होती.

तीन वर्षांपूर्वी मुलीच्या नोकरीमुळे आम्ही इथे राहायला आलो आणि मी त्यांचं दुकान शोधून काढलं. सांगायचं ठरवून गेलो होतो. त्यांनी मला पाहिलं, गळ्यातली टेप काढून कमरेचं माप घ्यायला सुरुवात केली आणि बसलेल्या गिऱ्हाइकाला म्हणाले, “हे आमचे सार. एवढं मोठं चॅनेल यांनी उभं केलं, नोडी, बघा!” मग मला : “पोट वाढलं की सार. दिल्लीत नुसते खुर्चीवर?” मी हसलो. पँट शिवून घेतली. तीन वर्षांत चार पँटी शिवून घेतल्या... आणि काही बोललो नाही.

तेराव्यानंतर मी त्यांच्या घरी गेलो आणि त्यांच्या पत्नीला, सरोजाबाईंना, सगळं सांगितलं. त्या म्हणाल्या, “मी इतकी वर्षं त्यांनाच बोलले. नीट न विचारता कशाला पाठवलंत म्हणून. ते गप्प बसायचे. तुमचं नाव एकदा नाही घेतलं.” त्यांनी कपाटातून एक पांढरा शर्ट काढला. काजं झाली होती, बटणं लावायची राहिली होती. दरवर्षी भात कापून झालं की रंगनाथराव बन्नूरला जात, चन्नेगौडांचं माप घेत आणि नवा शर्ट शिवून देत. हे मला तेव्हा कळलं.

“मी नेऊन देतो,” मी म्हणालो.

“एकटे गेलात तर चहा पिऊन परत याल. मी येते.”

चन्नेगौडा आता सत्तरीच्या पुढे आहेत. शर्ट मांडीवर घेऊन ते कन्नडमध्ये बोलत राहिले. सरोजाबाई मला मराठीत सांगत होत्या. “म्हणतात, दर खेपेला ते माफी मागायचे. मी म्हणायचो, रायरे, रावसाहेब, पुरे आता. तर म्हणायचे, टेप माझीच होती ना.” मग त्या माझ्याकडे वळल्या. “आता तुम्ही बोला. हे मी नाही सांगणार.”

मला कन्नड फार येत नाही. बसमध्ये सरोजाबाईंकडून दोनच शब्द पाठ करून घेतले होते. “तप्पु नन्नदु,” मी म्हणालो. चूक माझी. बाकीचं मी मराठीत बोललो, सरोजाबाईंनी ते कन्नडमध्ये सांगितलं.

चन्नेगौडांनी विचारलं, हे रंगनाथरावांना सांगितलं होतं का? मी नाही म्हणालो. ते उठले. माझ्याकडे न बघता त्यांनी अंगातला शर्ट काढला आणि तो बिनबटणांचा चढवला. एका हाताने पुढून धरून ते आमच्यासोबत बसथांब्यापर्यंत चालत आले. वाटेत जो भेटेल त्याला थांबवत, आधी शर्ट दाखवत, मग मला, आणि काहीतरी सांगत. मला रंगनाथरावांचं नाव तेवढं कळत होतं. सरोजाबाईंनी काही सांगितलं नाही, मीही विचारलं नाही. प्रत्येक वेळी ऐकणारा माणूस मान वर करून माझ्याकडे बघायचा, आणि त्याचं बघून होईपर्यंत चन्नेगौडा पुढे निघत नसत.