राजाच्या पोपटाची चोरी

जगातला कुठलाही विषय द्या, आमच्या हिचे मामेभाऊ तिसऱ्या वाक्याला तो स्पॅनिश अमलाखालच्या फिलिपिन्समध्ये नेऊन सोडतात. ही अतिशयोक्ती वाटत असेल तर त्यांच्याशी कांद्याच्या भावाबद्दल बोलून पाहावं. पहिल्या वाक्यात कांदा असतो, दुसऱ्यात तो वाहून नेणारी जहाजं येतात आणि तिसऱ्यात आपण मेक्सिकोहून चांदी भरून मनिलाला निघालेल्या गलबतावर उभे असतो, शेजारी एक पाद्री असतो, आणि तो पाद्री बेटांवरच्या लोकांना काय वाचू देणार नाही याची चर्चा सुरू झालेली असते. कांदा तोवर समुद्रात पडलेला असतो. बँकेने मला मुंबईहून टोकियोला पाठवलं, फुनाबोरीला घर मिळालं आणि पलीकडच्याच जिन्यात हिचा मामेभाऊ राहतो असं कळलं, तेव्हा परक्या मुलखात आपलं माणूस भेटलं म्हणून मला बरंच वाटलं होतं. ही त्यांना दादा म्हणते, म्हणून मीही दादाच म्हणतो.

सांगलीच्या माणसाने टोकियोत बसून फिलिपिन्सच्या जुन्या साहित्याचा अभ्यास का करावा, हा प्रश्न त्यांना भेटणारा प्रत्येक जण विचारतो. उत्तर अगदी साधं आहे. पुण्यात ते जर्मन शिकायला गेले होते. जर्मनच्या खिडकीपुढे रांग होती आणि स्पॅनिशच्या खिडकीत एक बाई स्वेटर विणत निवांत बसल्या होत्या. दादांना रांगेचा तिटकारा. पुढे स्पॅनिशमुळे शिष्यवृत्ती मिळाली, शिष्यवृत्तीमुळे एक जपानी प्राध्यापक मिळाले, आणि त्या प्राध्यापकांच्या कपाटात तागालोग भाषेतल्या जुन्या काव्यकथांच्या पोथ्या निघाल्या. दादा त्या कपाटात जे शिरले ते अजून बाहेर आलेले नाहीत. पोटापुरते दोन बाइतो, म्हणजे अर्धवेळ कामं करायची, कुणाच्या तरी मुलांना इंग्रजी शिकवायचं, आणि उरलेला वेळ त्या पोथ्यांना द्यायचा. गंमत म्हणजे मनिला विमानाने चार-साडेचार तासांवर असूनही ते तिथे कधी गेलेले नाहीत. मी एकदा तसं सुचवलं तर म्हणाले, "अहो, त्या कवींनी तरी पर्शिया कुठे पाहिला होता? अल्बानिया कुठे पाहिला होता? पण सगळ्या गोष्टी तिथल्याच. डोक्यावर पाद्री बसलेला, घरचं काही बोलायची सोय नाही. मग लांबचा राजा घ्यायचा आणि आपलं दुःख त्याच्या तोंडी द्यायचं." एवढं बोलून त्यांनी माझ्या ताटातला पापड उचलला. बोलण्याच्या भरात ते कुणाच्याही ताटातलं काहीही उचलतात.

त्या काव्यकथांची ओळ बारा अक्षरांची असते. आपल्या हाताच्या चार बोटांना पेरंही बाराच, हा दादांच्या मते इतिहासातला फार मोठा योगायोग आहे. गाडीत बसले की त्यांचा अंगठा पेरांवरून फिरायला लागतो आणि ओठ हलायला लागतात. समोरच्या जपानी म्हाताऱ्यांना वाटतं, हा कुणी व्रतस्थ माणूस आहे. एका आजीबाईंनी तर उठून त्यांना स्वतःची जागा दिली होती, आणि दादांनी ती घेतली, कारण त्या वेळी ते दहाव्या अक्षरावर होते. मात्र इतकी अक्षरं मोजलेल्या या माणसाला स्वतःचं एक यमक कधी जुळवता आलं नाही. आमची ही चहाचा ट्रे हातात असताना उंबरठ्यातल्या उंबरठ्यात उखाणा घेते. दादा तिच्याकडे हेव्याने पाहत राहायचे.

मार्चमधला तो मोठा भूकंप झाला तेव्हा दादांची सगळी पुस्तकं फळ्यांवरून खाली आली. आम्ही धावत गेलो तर हे ढिगाऱ्यापाशी मांडी घालून बसलेले. म्हणाले, "बघा, पाद्र्यांची धर्मपुस्तकं वरच्या फळीवर होती, ती आधी पडली. कवी त्यांच्यावर पडले. तीनशे वर्षांत प्रथमच कवी वर आलेत." त्यानंतर त्यांनी पुस्तकं कधी वर ठेवलीच नाहीत. जमिनीवरची वस्तू पडून पडून कुठे पडणार, असा त्यांचा बिनतोड युक्तिवाद होता. घरात पायवाटेएवढी जागा उरली. ओळखीची बहुतेक मराठी कुटुंबं तेव्हा मिळेल त्या विमानाने परत गेली होती, आणि आमच्या सगळ्यांच्या घरचे फोन अखंड वाजत होते. एकट्या दादांच्या आई, म्हणजे हिच्या मामी, सांगलीत शांत होत्या. त्यांनी शेजारीपाजारी सांगून टाकलं होतं, "भूकंप जपानात झालाय हो. आमचा मुलगा फिलिपिन्सला असतो." वर्षानुवर्षं मुलाच्या तोंडी दुसरं नाव ऐकलं नव्हतं, त्याला त्या तरी काय करणार? हिने त्यांना खरं सांगितलं, ते अंगलट आलं. तेव्हापासून मामींचा फोन रोज आमच्याकडे येऊ लागला. मुलाला केला तर तो गलबतांचं सांगत बसे, आणि मामींना एवढंच हवं असे की तो जेवला का.

दादांच्या प्रबंधाचं शेवटचं प्रकरण मात्र वर्षानुवर्षं अडकून पडलं होतं. ते एका खेळाबद्दल होतं, आणि तो खेळ खेळलेलं माणूस त्यांना कुठे सापडत नव्हतं. हा खेळ आम्हाला प्रथम कळला तो टोकियोतल्याच तोयोसू भागातल्या एका उंच इमारतीत. माझ्या ऑफिसातल्या एका मराठी सहकाऱ्याचे वडील गेले होते आणि आम्ही समाचाराला गेलो होतो. दादा बरोबर होते. सगळे खाली माना घालून बसलेले असताना ते म्हणाले, "आपल्याकडे लोक येतात आणि गप्प बसतात. तिकडे पूर्वी नवव्या दिवशी मयताच्या घरी कवितेत भांडायचे. दुप्लो म्हणतात त्याला. एकाने राजा व्हायचं. राजाचा पोपट हरवतो. मग पुरुषांनी बायकांवर चोरीचा आळ घ्यायचा, बायकांनी पुरुषांवर, सगळं यमकात आणि तिथल्या तिथे. उत्तर सुचलं नाही तर शिक्षा. हातावर चपलेचे फटके, नाहीतर गेलेल्या माणसासाठी प्रार्थना म्हणायची." हिचं कोपर एव्हाना त्यांच्या बरगडीत रुतलं होतं. सहकाऱ्याने मान वर करून विचारलं, "मग पोपट सापडतो का शेवटी?"

"छे हो," दादा म्हणाले. "सापडला तर उठून घरी नाही का जावं लागणार?"

यावर तो हसला, आणि नंतर वडिलांबद्दल कितीतरी वेळ बोलत राहिला. तरी हिने खाली उतरताना लिफ्टमध्ये दादांना बोलायचं ते बोलून घेतलंच.

भूकंपानंतर दोन वर्षांनी मामी गेल्या. दादा मिळेल त्या विमानाने निघाले, पण पोचेपर्यंत सगळं आटोपलं होतं. दिवस झाल्यावर ते परतले. आम्ही विमानतळावर घ्यायला गेलो तर गाडीत बसताच त्यांनी पहिलं वाक्य विमानातल्या जेवणावर टाकलं आणि तिसऱ्याला मनिला गाठलं. त्यानंतर आईचं नाव त्यांनी काढलं नाही. हिने दोनदा विषय काढून पाहिला, दोन्ही वेळा गलबत येऊन आडवं उभं राहिलं. लहानपणच्या सगळ्या सुट्ट्या मामींच्या हाताखाली काढलेली ही रात्री भांडी घासता घासता डोळे पुसायची आणि म्हणायची, "राजाच्या पोपटाची ती आपली गोष्ट आहे ना, तसं झालंय दादाचं. पोपट खात नाही, पीत नाही, डोळे मिटून पडलाय, सगळं सांगेल. मेलाय एवढं म्हणणार नाही. अशानं तो आतून झुरेल हो." मी बँकेचा माणूस, घासलेली भांडी पुसून जागेवर लावत राहिलो.

आमच्याच जिन्यात तळमजल्यावर लोर्ना नावाची फिलिपिनो बाई राहायची. वृद्धांची देखभाल करणाऱ्या एका संस्थेत ती कामाला होती. हिची आणि तिची मैत्री कारल्यामुळे झाली, कारण त्या वसाहतीत कारलं आवडीने खाणाऱ्या या दोघीच असाव्यात. त्या पावसाळ्यात लोर्नाची आई गावी वारली. व्हिसाच्या नूतनीकरणाचं काम अर्धवट असल्यामुळे तिला जाता आलं नाही. नवव्या दिवशी रविवार होता, आणि तिच्या मैत्रिणींनी वसाहतीचा हॉल घेऊन दुपारी प्रार्थना ठेवली. हिला बोलावणं आलं. "दादाला आणू का?" हिने विचारलं. "दादा-सान? आणा ना," लोर्ना म्हणाली. तिला ते त्यांचं नावच वाटत होतं.

दादा इस्त्रीचा पांढरा शर्ट घालून आले. चेहऱ्यावर लग्नघराचा आनंद दिसत होता, आणि तो लपवायचा प्रयत्नही दिसत होता. आईच्या तसबिरीपुढे मेणबत्ती लावलेली होती, खाली रोसारियो असं नाव लिहिलेलं होतं. प्रार्थना झाली, शेवयांसारख्या नूडल्स झाल्या, आणि दादांनी घसा खाकरून सगळ्यांना दुप्लो समजावून सांगितला. त्या मंडळींनी हे नावही ऐकलेलं नव्हतं. "दादा-सान, आमच्याकडे मयताच्या घरी पत्ते खेळतात," लोर्ना म्हणाली. "आणि कॅराओके," तिच्या मैत्रिणीने भर घातली. दादांचा चेहरा उतरला. लोर्नाने ते पाहिलं असावं, कारण ती म्हणाली, "पण खेळू या. आईला भांडण फार आवडायचं."

राजा कुणाला करावं यावर खल चालू असतानाच हॉलच्या किल्ल्या सांभाळणारे सातो-सान गॅस बंद केलाय का ते बघायला आले. सगळ्यांत वयस्कर म्हणून त्यांनाच खुर्चीत बसवलं. तुमचा पोपट हरवलाय असं सांगितल्यावर त्यांनी गंभीरपणे विचारलं, "रंग कोणता?" दादा गडबडले. इतक्या वर्षांच्या संशोधनात पोपटाच्या रंगाचा उल्लेख कुठे सापडला नव्हता. "हिरवा असावा," ते म्हणाले. "पोलीस चौकीत कळवलंत का?" सातो-सान यांनी विचारलं. मग मात्र खेळ रंगला. लोर्नाने मैत्रिणीच्या नवऱ्यावर तागालोगमध्ये आळ घेतला, त्याने इंग्रजीत यमक जुळवून तो परतवला, आणि सुतकाच्या त्या हॉलमध्ये हसू फुटलं. तेवढ्यात आमची ही रिकाम्या बशांचा ट्रे घेऊन निघाली होती ती मधेच थांबली आणि दादांकडे बघून म्हणाली,

"फुनाबोरीच्या पुलाखाली संथ वाहतं पाणी,
पोपट दादानंच लपवलाय, बंद केलीय वाणी."

मी मोडक्यातोडक्या जपानीत अर्थ सांगितला. सगळे दादांकडे पाहू लागले. दादा उभे राहिले. अंगठा पेरांवरून एकदा फिरला, पुन्हा फिरला, तिसऱ्यांदा मधेच थांबला. या खेळाबद्दल त्या खोलीतच काय, बहुधा अख्ख्या जपानात त्यांच्याइतकं कुणाला माहीत नव्हतं, आणि त्यांना एक ओळ सुचत नव्हती. शेवटी त्यांनीच राजाला शिक्षेची आठवण करून दिली. सातो-सान यांनी पायातल्या सपातांकडे पाहिलं आणि सांगितलं, की सपाता हॉलच्या मालकीच्या आहेत, फटक्यांसाठी वापरता येणार नाहीत. म्हणजे राहिली प्रार्थना.

ती दादांना पाठ होती. जुन्या पुस्तकांतून हजारदा वाचलेली स्पॅनिश प्रार्थना ते सरळ म्हणत गेले. तिच्यात एके ठिकाणी गेलेल्या माणसाचं नाव घ्यायचं असतं. पुस्तकात तिथे नुसतं एक अक्षर छापलेलं असतं, ज्याने त्याने तिथे आपल्या माणसाचं नाव घालायचं. तिथे येऊन दादा अडले. तसबिरीवरचं नाव त्यांच्या समोरच होतं. ते म्हणाले, "सुमती."

हिने ट्रे खाली ठेवला. दादा तसेच पुढे म्हणत गेले, प्रार्थना संपवली, आणि आपण काय म्हटलं ते तेव्हा त्यांच्या लक्षात आलं. ते लोर्नाला म्हणाले, "माफ करा, चुकलं. ते माझ्या आईचं नाव."

"चुकलं नाही," लोर्ना म्हणाली. "दोघींची नावं घ्या."

ते पुन्हा पहिल्यापासून म्हणू लागले. या वेळी दोन नावांच्या पुढे त्यांना जाता आलं नाही. खाली बसले आणि लहान मुलासारखे रडले. उरलेली प्रार्थना लोर्नाने तिच्या भाषेत पुरी केली. मलाही भरून आलं, ते मी खिडकीकडे बघून निभावलं. हॉल पाचला बंद व्हायचा नियम होता. पाच केव्हाच वाजून गेले होते, पण राजा खुर्चीत बसून होता आणि घड्याळाकडे बघत नव्हता.

घरी येताना पुलावर दादा हिला म्हणाले, "भूकंप होईपर्यंत आईनं मला जपानात धरलंच नाही बघ. फोनवर विचारायची, तुमच्या त्या फिलिपिन्सात भाकरी मिळते का रे. मी एकदाही सांगितलं नाही, की अगं, मी तिथं नसतो." ही त्यांचा हात धरून चालत राहिली.

आम्हाला मुंबईला परतूनही आता बरीच वर्षं झाली. दादा तिथेच आहेत, पुस्तकं अजून जमिनीवरच आहेत आणि शेवटचं प्रकरण, ते म्हणतात, होत आलंय. रविवारी फोन येतो. मी क्रिकेटचं काढतो, पावसाचं काढतो, आणि तिसऱ्या वाक्याची वाट पाहतो. बहुतेक वेळा मनिलाच येते. पण हल्ली एखादे वेळी तिसऱ्या वाक्याला सांगली येते, स्वयंपाकघर येतं, चुलीपुढे बसलेली आई येते. अशा वेळी मी फोन हिच्या हातात देतो.