मुद्दल आधी

त्या हंगामात माझा आवाज बसला होता. दिवसभर काट्यापाशी उभं राहून कापसाचं वजन मोठ्यानं पुकारायचं, हे मापाऱ्याचं काम. अकोल्याच्या बाजारात बंड्यांची रांग पार मोर्णेच्या पात्रापर्यंत लागायची. पहिली बंडी मोकळी होईस्तोवर मागची माणसं बैल सोडून तिथंच चूल मांडत. अमेरिकेत लढाई लागली होती, तिकडचा कापूस विलायतेच्या गिरण्यांना मिळेना, म्हणून आमच्या काळ्या मातीतल्या कापसाला सोन्याचा भाव आला होता. यापलीकडे आम्हाला काही ठाऊक नव्हतं, आणि ठाऊक करून घ्यायला सवडही नव्हती.

बाळापूरच्या बाजूचं माझं गाव सोडून मी आणि माझी बायको अकोल्याला आलो, त्याला तेव्हा तीन वर्षं झाली होती. जुन्या शहरात एका तेल्याच्या घराची मागची खोली आम्ही भाड्यानं घेतली होती. खोलीला खिडकी नव्हती, आणि घाण्याचा आवाज पहाटेपासून भिंतीतून यायचा. पण हातात पैसा खुळखुळत होता. बाजारातला प्रत्येक जण घर बांधत होता नाहीतर विकत घेत होता. माझ्याच काट्यावरच्या दुसऱ्या मापाऱ्यानं दुमजली घर घेतलं, दाराला निळा रंग दिला आणि रोज सकाळी मला विचारायचा, "काहून बे, अजून घाण्याचाच आवाज आयकून राहिला का?"

त्याच सुमाराला नदीकाठच्या गल्लीत तीन खोल्यांचं, पुढे ओटा आणि मागे आड असलेलं एक घर विकायला निघालं. किंमत चारशे रुपये. माझ्यापाशी साठवलेलं काहीच नव्हतं. पण घर गहाण लिहून दिलं की पैसे मिळतात, एवढं मला माहीत होतं. मी सरळ शेटजींकडे गेलो.

शेटजी म्हणजे आमच्या भागातले सावकार. त्यांचे आजोबा मारवाडातून आले होते. ते स्वतः मात्र आमच्यासारखंच वऱ्हाडी बोलत. साठीच्या घरातला, वाळका, कमी बोलणारा माणूस. दुकानात गादीवर बसून सुपारी कातरत असत, पण खाताना मी त्यांना कधी पाहिलं नाही.

मी म्हणालो, "शेटजी, चारशे पाहिजेत. घर लिहून देतो."

"व्याज शेकडा दीड रुपया महिन्याले. म्हंजे सहा रुपये," ते म्हणाले. "देशीन?"

"हाव. सहा रुपये मले भारी नाई."

"भारी नाई," ते म्हणाले आणि अडकित्ता खाली ठेवला. "कवापर्यंत देशीन?"

मला प्रश्नच कळला नाही. मी म्हणालो, "दर महिन्याले."

शेटजींनी पागोटं डोक्यावर चढवलं, जोड्यात पाय घातले आणि म्हणाले, "चाल माह्यासंगं."

सावकार आपल्या पायानं कुणाच्या दारी निघाला, तर तो वसुलीलाच निघाला असं लोक समजतात. दोन गल्ल्या ओलांडेपर्यंत आम्हाला पाहून दोन-चार दारं बंद झाली. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. शेटजी एका रंगाऱ्याच्या घरापुढे थांबले. अंगणात दोरीवर लाल लुगडी वाळत होती, आणि कोपरापर्यंत लाल झालेले हात घेऊन एक म्हातारे मुसलमान गृहस्थ रांजणापाशी उभे होते. सगळे त्यांना चाचा म्हणत.

"चाचा, या पोराले सांगा," शेटजी म्हणाले. "घर केवढ्याले घेतलं होतं?"

"तीनशेले," चाचा म्हणाले.

"व्याज किती वर्षं देऊन राहिले?"

"बारा."

"आजपर्यंत मले किती देल्लं?"

चाचा हसले. "ते तुमालेच मालूम, शेटजी. दुपटीच्या वर गेलं असन."

"आणि आता बाकी किती?"

"तीनशे," चाचा म्हणाले, आणि लुगडं पिळायला खाली वाकले.

मी मान वर करून चाचांच्या घराचं छप्पर पाहिलं. एका बाजूची कवेलू सरकली होती, त्यावर ताडपत्रीसारखं काहीतरी टाकलं होतं. दुप्पट पैसे देऊन झाले, तरी घर होतं तिथंच गहाण होतं. वर पावसाळ्यात गळत होतं आणि मोर्णेला पूर आला की उंबऱ्याला पाणी लागत होतं, ते वेगळं. कवेलूंचा खर्च, भिंतींचा खर्च हे सगळं चाचांच्याच माथी. शेटजींना मात्र साडेचार रुपये पोचत होते, दर महिन्याला, बारा वर्षं.

परत येताना मी धीर करून विचारलं, "तुमी त्याईले हे तवाच काहून नाई सांगतलं?"

शेटजी चालता चालता थांबले नाहीत. "तवा मी जवान होतो. पैसा येते हेच दिसे. माणूस कसा जाते ते दिसायले बारा वर्षं लागली." थोडं पुढं गेल्यावर म्हणाले, "तुले सहा रुपये भारी नाईत. साडेपाच वर्षं देशीन. चारशे रुपये मले पोचतीन. आन् चारशे तुह्या डोक्यावर तसेच राह्यतीन. त्यात कापसाचा भाव पडला तर मंग सहाही भारी होतीन. आता जाय, घरी विचार."

घरी विचार, म्हणजे बायकोला विचार. हे मला एखाद्या सावकारानं सांगावं, याचं मला तेव्हा नवल वाटलं होतं.

बायकोनं सगळं ऐकून घेतलं. ती भाकरी थापत होती. थापायची थांबली नाही. चाचांचा प्रकार सांगितला तेव्हा मात्र तिनं विचारलं, "मुद्दल काहून नाई फेडलं त्याईनं? थोडं थोडं?"

"एकदम तीनशे कुठून आणतीन?"

"एकदम नाई म्हणत मी. थोडं थोडं घेत नाई का शेटजी?"

मला माहीत नव्हतं. दुसऱ्या दिवशी ती स्वतःच माझ्याबरोबर निघाली. दुकानाच्या उंबऱ्यापाशी डोक्यावरचा पदर सावरून उभी राहिली आणि आत पाहत बोलली.

"शेटजी, तीन खोल्या आमाले नको. नदीपासून वरच्या अंगाले जागेचा तुकडा हाय, त्यावर एक खोली बांधतो. दीडशे द्या. पण एक बात हाय. हंगाम सरला की जेवढं जमन तेवढं मुद्दलात घ्या. आन् तेवढ्याचं व्याज तिथंच बंद."

शेटजींनी अडकित्ता चालवला. "असं केलं तर मले काय उरते, बाई?"

"तुमचा पैसा तुमाले लवकर भेटते," ती म्हणाली. "घर घेऊन तुमी काय करसान? अशीच चार घरं घेतली तुमी. एकात तरी राह्यता का?"

मी खाली मान घातली. आता बाहेर जा म्हणतील असं वाटलं. पण शेटजी पहिल्यांदाच हसले. दात थोडे होते, तेही सुपारी न खाता पिवळे झालेले. मुनिमाला हाक मारून म्हणाले, "गहाणखत लिही. आन् ही बाई म्हणते तसंच लिही, मुद्दल आधी."

एक खोली आणि तिच्यापुढे पडवी असं आमचं घर उभं राहिलं. निळ्या दाराचा माझा सोबती पाहायला आला आणि म्हणाला, "गोठा चांगला बांधला." मी हसण्यावारी नेलं, पण मनाला लागलं. बायकोला मी ते सांगितलं तर ती म्हणाली, "गोठा म्हणते ना, मंग त्यात बैल बांधू."

आणि तिनं खरोखर तेच केलं. रांगेत अडकलेल्या बंडीवाल्यांना रात्र रात्र काढावी लागे. तिनं पडवीपुढची जागा साफ करून घेतली, बैलांना पाणी आणि माणसांना जेवण द्यायला सुरुवात केली. ज्वारीची भाकर, वरण, मिरचीचा ठेचा, आणि कधी वांग्याची भाजी. उन्हाळ्यापूर्वीच्या त्या चार महिन्यांत तिची चूल विझत नसे. बाळापूर, पातूर, पार अमरावतीकडचे बंडीवाले तिला ओळखू लागले. रेल्वेच्या सडकेवर माती टाकणारी माणसंही यायची. मी काट्यावरून घरी आलो की माझ्याच दारात मला बसायला जागा नसायची. धुरानं तिचे डोळे लाल झालेले असत, आणि बंडीवाल्यांशी भांडायला ती तयार असे. कुणी भाकर खाऊन पैसे न देता निघाला तर ती त्याच्या बैलाचा कासरा धरून उभी राही. मी तिला म्हणायचो, "पुरे आता." ती म्हणायची, "शेटजीच्या घरी व्याजाले सुट्टी असते का?"

हंगाम सरला की आम्ही दोघं शेटजींकडे जात असू. आम्ही पैसे पुढे ठेवले की ते मुनिमाकडून लिहवून घेत आणि नवं व्याज तोंडी सांगत. दरवर्षी तो आकडा लहान होई. व्याजाचा आकडा लहान होताना ऐकण्यात काय सुख असतं, ते मला तेव्हा कळलं. पण शेटजींनी कधी एक पैसाही सोडला नाही, हेही सांगायला हवं. एकदा बायको तापानं आजारी होती आणि महिन्याचं व्याज चुकलं, तर त्यांचा माणूस दारात आला. मला राग आला होता. बायको अंथरुणातून म्हणाली, "तो नाई आला असता तर पुढच्याही महिन्यात चुकलं असतं."

मग लढाई संपली. तार मुंबईला आली आणि तिथून बाजारात. भाव एका आठवड्यात असे उतरले की बोली लावायला कुणी दलाल काट्याजवळ येईना. बंड्या आल्या तशा उभ्या राहिल्या. काही माणसं कापूस घेऊन तसाच गावी परतली. काहींनी तो पडेल त्या भावात टाकला. मला पुकारायला काही उरलं नाही. माझ्या सोबत्यानं दुमजली घरासाठी दुसऱ्या एका सावकाराकडून सहाशे घेतले होते, आणि त्यातलं मुद्दल एका पैनंही कमी झालेलं नव्हतं. वर्षभरात निळं दार दुसऱ्याचं झालं. त्या दिवशी मी त्याचं सामान बंडीत भरायला गेलो होतो. त्याची बायको ओट्यावर बसून राहिली होती, उठायला तयार नव्हती. तो मला म्हणाला, "सहाशेचं घर बाप्पा, मी त्याले किती देल्लं असन?" मी हिशेब करू शकलो असतो. केला नाही. बंडीचं जू उचलून दिलं.

आमच्या मुद्दलातले तेव्हा तीसेक रुपये फेडायचे राहिले होते. मंदीत शेटजींचेही पैसे मुंबईला अडकले. एक दिवस ते स्वतः आमच्या दारी आले. पडवीत बसले, इकडे तिकडे पाहिलं, भिंतीवर बोट घासून म्हणाले, "इटा कच्च्या हायेत." मग म्हणाले, "बाकी आता देता येईन का? मले गरज हाय."

सावकार आपली गरज बोलून दाखवतो, हे मी जन्मात पाहिलं नव्हतं. बायकोनं आत जाऊन पुढच्या हंगामासाठी बाजूला ठेवलेले पैसे आणले. थोडे कमी पडत होते. शेटजी म्हणाले, "उरलेले गुढीपाडव्याले." पाडव्याला आम्ही ते पोचवले, तेव्हा त्यांनी गहाणखत आमच्यापुढे फाडलं आणि तुकडे बायकोच्या ओंजळीत दिले. ती हसली नाही, रडली नाही. घरी येऊन तिनं ते चुलीत घातले आणि चहूबाजूंनी घर झाडून काढलं, जसं काही नव्यानं राहायला आलो होतो.

चाचांची गोष्ट मला नंतर कळली. आमचा करार ऐकून तेही शेटजींकडे गेले होते आणि त्यांनी विचारलं होतं, "माह्यंबी मुद्दल थोडं थोडं घेता का?" शेटजी म्हणाले, "बारा वर्षांत तुमी विचारलंच नाई." त्यावर चाचा म्हणाले, "बारा वर्षांत तुमीही सांगतलं नाई." मग शेटजींनी शेवटच्या तीन वर्षांत दिलेलं व्याज मुद्दलात धरलं आणि उरलेलं थोडं थोडं घ्यायचं कबूल केलं. आधीच्या नऊ वर्षांचं मात्र काही नाही. "ते गेलं," शेटजी म्हणाले होते.

शेटजी वारले त्या वर्षी अकोल्याला आगगाडी सुरू झाली होती. त्यांच्या मुलांचं वागणं निराळं होतं, त्यांच्याकडे मी कधी गेलो नाही. अंत्ययात्रा पहाटेच मोर्णेवर निघाली तेव्हा मी चाललो होतो, आणि माझ्या शेजारी चाचा होते, हात तसेच कोपरापर्यंत लाल. नदीच्या उतारावर ते दमले, तेव्हा मी त्यांचा हात धरला.

"कसा होता माणूस?" त्यांनी मला विचारलं.

"चांगला होता," मी म्हणालो. "माह्यासाठी चांगला होता."

चाचांनी मान हलवली. "माह्यासाठीबी झाला," ते म्हणाले. "उशीर झाला, पण झाला."

खाली चिता पेटली. आम्ही दोघं वरच्या दगडावर बसून राहिलो, आणि सूर्य पुरता वर आल्यावर आपापल्या घरी गेलो.